वाचकाची भीड

१

दिवाळीचा अंक एका माणसाच्या नावाने घरात येतो, पण तो त्या एका माणसाचा कधीच राहत नाही. कोणी मुखपृष्ठ न्याहाळतो, कोणी व्यंगचित्रांवर झडप घालतो, कोणी राशिभविष्याचे पान 'सहज' म्हणून उघडतो. सकाळी फराळाच्या ताटाशेजारी असलेला अंक दुपारी कोणाच्या तरी उशाखाली सापडतो आणि भाऊबीजेला आलेल्या पाहुण्यांबरोबर तो परगावीही जातो. पुस्तकाचे असे होत नाही. पुस्तक ज्याने घेतले त्याचे असते. अंक घराचा असतो.

या घरच्या मालकीतूनच संपादकापुढे एक अवघड प्रश्न उभा राहतो. एखादे हस्तलिखित त्याला मनापासून आवडते. त्यात काही नवे आहे, खरे आहे, याची त्याला खात्री असते. परंतु लगेच त्याच्या डोळ्यांसमोर ते घर येते. आजोबांच्या हाती हे पडले तर? सासूने वाचले आणि सुनेने वाचले तर? शाळकरी पोराने याचा अर्थ विचारला तर? संपादक थोडा वेळ थांबतो आणि ते हस्तलिखित एक तर परत जाते किंवा त्यातील चार ओळी निळ्या पेन्सिलीखाली जातात. या थांबण्याला मी वाचकाची भीड म्हणतो.

भीड म्हणजे नुसता भित्रेपणा नव्हे, हे आधीच सांगितले पाहिजे. चारचौघांत बोलणारा माणूस भिडेपोटीच आपले बोलणे स्वच्छ करतो, पांडित्य आवरतो, समोरच्याला कळेल असा शब्द शोधतो. साहित्याला माणसांत आणण्याचे श्रेय बऱ्याच अंशी या भिडेलाच आहे. पण हीच भीड एका मर्यादेपलीकडे गेली की जे बोलायला आपण उभे राहिलो तेच बोलायचे राहून जाते. इंग्रजी नियतकालिकांचा तीन शतकांचा इतिहास पाहू लागलो की ही दोन्ही रूपे आळीपाळीने दिसतात. या इतिहासाशी आपले नाते दूरचे नाही. काशिनाथ रघुनाथ मित्र यांनी १९०९ साली 'मनोरंजन'चा दिवाळी अंक काढला आणि आपल्याकडील परंपरेला आरंभ झाला. त्यामागे इंग्रजी मासिकांच्या नाताळ अंकांची प्रेरणा होती असे म्हणतात. तेव्हा त्या घराण्याच्या गुणदोषांची चौकशी दिवाळीच्या दिवसांत करणे अगदीच अप्रस्तुत ठरू नये.

२

१७०९ च्या एप्रिलमध्ये रिचर्ड स्टीलने लंडनमध्ये 'टॅटलर' हे पत्र सुरू केले. ते आठवड्यातून तीनदा निघे. 'टॅटलर' म्हणजे चकाट्या पिटणारा. हे नाव आपण स्त्रियांच्या सन्मानार्थ घेतले आहे, असे स्टीलने पहिल्याच अंकात मिस्कीलपणे सांगून टाकले. विनोद थोडा आगाऊ होता, पण त्यात एक कबुलीही होती. छापलेल्या कागदाचा वाचक केवळ पुरुष नाही, ही ती कबुली. लंडनच्या कॉफीगृहांची त्याने विषयवार वाटणी केली होती. प्रेमप्रकरणांचा मजकूर एका कॉफीगृहातून, कवितेचा दुसऱ्यातून, विद्वत्तेचा तिसऱ्यातून, राजकारणाच्या बातम्या चौथ्यातून लिहिल्या आहेत असा बहाणा तो करी. गावातल्या गप्पांना त्याने छापील घाट दिला.

जोसेफ ॲडिसनच्या साहचर्याने स्टीलने १ मार्च १७११ रोजी 'स्पेक्टेटर' सुरू केला. एका पानाचा, पाठपोट छापलेला, रविवार सोडून रोज निघणारा हा कागद एका पेनीला मिळे. पहिली मालिका १७१२ च्या डिसेंबरात संपली तेव्हा ५५५ अंक झाले होते. दहाव्याच अंकात ॲडिसनने आपला हिशेब मांडला आहे. रोज तीन हजार प्रती खपतात. एका प्रतीला वीस वाचक धरले तर साठ हजार लोक आपले शिष्य झाले, असे तो गमतीने सांगतो. एका प्रतीला वीस वाचक! अंक घराचा असतो हे इतक्या लवकर आणि इतक्या आनंदाने दुसऱ्या कोणी ओळखले नसेल. पुढे तो म्हणतो की, तत्त्वज्ञानाला विद्यापीठांतून आणि ग्रंथालयांतून बाहेर काढून चहाच्या मेजावर आणि कॉफीगृहांत आणून बसवावे ही आपली महत्त्वाकांक्षा आहे. ज्या व्यवस्थित कुटुंबांत सकाळी चहासाठी तास राखून ठेवलेला असतो, तिथे चहाच्या सामानाबरोबर हा कागदही मांडला जावा, अशी शिफारसही तो करतो.

आता या भिडेचे फळ पाहा. वाचकाला झेपेल एवढेच द्यायचे असा अर्थ ॲडिसनने घेतला असता, तर चहाच्या मेजावर टोप्यांच्या आणि पंख्यांच्या फॅशनखेरीज काही आलेच नसते. ते विषयही त्याने घेतले, आणि खुशीने घेतले. पण १७१२ साली याच चहा पिणाऱ्या वाचकांसाठी त्याने मिल्टनच्या 'पॅरडाइज लॉस्ट'वर अठरा शनिवारी अठरा लेख लिहिले. ग्रीक आणि लॅटिन महाकाव्यांचे दाखले देत, पण ग्रीक न येणाऱ्याला परके वाटू न देता लिहिले. वाचकाला न दुखवणे आणि वाचकाला कमी न लेखणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. ॲडिसनला दोन्ही साधल्या.

हा संवाद एकतर्फीही नव्हता. १७१३ साली 'गार्डियन' हे पत्र सुरू झाल्यावर बटनच्या कॉफीगृहात एका सिंहाचे मुख बसवण्यात आले. वाचकांनी आपली पत्रे त्या सिंहाच्या जबड्यात टाकावीत अशी योजना होती. पुढच्या काळातल्या प्रत्येक 'वाचकांच्या पत्रव्यवहारा'चा तो मूळपुरुष म्हणायला हरकत नाही. दरम्यान १७१२ च्या ऑगस्टपासून सरकारने अशा कागदांवर मुद्रांककर बसवला आणि 'स्पेक्टेटर'ची किंमत एका पेनीवरून दोन पेनींवर गेली. ज्ञानावरचे हे कर इंग्लंडात दीर्घकाळ टिकले. वृत्तपत्रांवरील मुद्रांककर १८५५ मध्ये गेला, कागदावरचा कर १८६१ मध्ये. नियतकालिकांच्या इतिहासात लेखणीइतकाच कागदाचा भावही बोलतो.

१७३१ साली एडवर्ड केव्ह नावाच्या, चांभाराच्या घरात जन्मलेल्या उद्योगी मुद्रकाने 'जंटलमन्स मॅगझिन' काढले. 'मॅगझिन' हा शब्द मूळचा अरबी. मखझन म्हणजे कोठार, वखार. जे जे सापडेल ते ते महिन्याच्या महिन्याला एका वखारीत भरून ठेवावे, एवढीच केव्हची कल्पना होती. तिने जगभरच्या मासिकांना नाव मिळवून दिले. गंमत अशी की १९०१ मध्ये लाहोरला एक उर्दू मासिक निघाले आणि त्याचे नाव 'मखझन' ठेवण्यात आले. शब्द विलायतेची वारी करून घरी परतला, तो नवा अर्थ घेऊनच.

३

एकोणिसाव्या शतकाच्या प्रारंभी मात्र भिडेचा हा सारा शिष्टाचार मोडून पडला. १८०२ मध्ये एडिंबरोत फ्रान्सिस जेफ्री आणि त्याच्या तरुण मित्रांनी 'एडिंबरो रिव्ह्यू' हे त्रैमासिक सुरू केले. त्याला उत्तर म्हणून १८०९ मध्ये लंडनला टोरी पक्षाचे 'क्वार्टर्ली रिव्ह्यू' निघाले आणि १८१७ मध्ये एडिंबरोतच 'ब्लॅकवुड्स मॅगझिन' आले. यांतले लेख निनावी असत. लेखकाला मानधन भरघोस मिळे आणि त्याच्या जिभेला लगाम नसे. ग्रंथपरीक्षण हा एक स्वतंत्र, दीर्घ आणि गंभीर लेखनप्रकार होऊ शकतो हे या त्रैमासिकांनी सिद्ध केले. ते ऋण मोठे आहे. परंतु वाचकाच्या घरी जाऊन बसण्याऐवजी त्यांनी वाचकालाच आखाड्याभोवती आणून उभे केले.

१८१८ साली 'ब्लॅकवुड्स'मध्ये जॉन गिब्सन लॉकहार्टने आणि 'क्वार्टर्ली'त जॉन विल्सन क्रोकरने कीट्सवर जे प्रहार केले, ते सर्वश्रुत आहेत. 'ब्लॅकवुड्स'च्या टीकेत काव्याच्या दोषांपेक्षा कवीच्या कुळाशीलाची आणि औषधाच्या दुकानातल्या उमेदवारीची चेष्टाच अधिक होती. या टीकेने कीट्सचा जीव घेतला ही शेली-बायरन यांनी रूढ केलेली दंतकथा खरी नाही. त्याचा जीव क्षयाने घेतला. पण जीव घेणारी टीका त्या काळात नव्हती असे मात्र नाही. 'लंडन मॅगझिन'चा संपादक जॉन स्कॉट हा चार्ल्स लॅमच्या 'एलिया'ला व्यासपीठ देणारा रसिक माणूस. त्याने 'ब्लॅकवुड्स'च्या निनावी टीकाकारांवर तोफ डागली. वाद वाढत गेला आणि १६ फेब्रुवारी १८२१ च्या रात्री चॉक फार्मजवळ स्कॉट आणि लॉकहार्टचा मित्र क्रिस्टी पिस्तुले घेऊन समोरासमोर आले. जखमी स्कॉट २७ तारखेला मरण पावला. त्याच्या चारच दिवस आधी, २३ तारखेला, रोममध्ये कीट्स गेला होता.

निर्भीडपणा हा शब्द आपण फार सहज प्रशंसेने वापरतो. ज्याला समोरच्या माणसाची, मग तो लेखक असो वा वाचक, काहीच भीड उरलेली नाही, त्याचा निर्भीडपणा किती लवकर निर्दयपणा होतो हे ही दोन वर्षे सांगतात. टीकाकाराचे नाव लेखाखाली छापले गेले असते तर त्यांतली निम्मी वाक्ये लिहिलीच गेली नसती, असे मला वाटते.

४

त्यानंतर पेंडुलम दुसऱ्या टोकाला गेला. आगगाडी आली, स्थानकांवर पुस्तकांची दुकाने आली, वाचणारा मध्यमवर्ग वाढला. ३० मार्च १८५० रोजी चार्ल्स डिकन्सने 'हाउसहोल्ड वर्ड्स' हे दोन पेनींचे साप्ताहिक काढले. नावातच घर होते. त्यात त्याने आपल्या 'हार्ड टाइम्स'बरोबर मिसेस गॅस्केलची 'नॉर्थ अँड साउथ'ही क्रमशः छापली. गिरणीतला धूर आणि संप त्याने बैठकीच्या खोलीत आणले. त्याच्या नाताळ अंकांची लोक वर्षभर वाट पाहत. पण १८६७ नंतर त्या वार्षिक सक्तीला कंटाळून त्याने ते बंदच केले. दरवर्षी ठरल्या दिवशी हसायचे आणि गहिवरायचे, हे डिकन्सलाही जड गेले, ही गोष्ट दिवाळी अंकांच्या लेखकांनी सहानुभूतीने लक्षात घ्यावी.

या कौटुंबिक मासिकांचा मेरुमणी म्हणजे 'कॉर्नहिल मॅगझिन'. जॉर्ज स्मिथ हा धडाडीचा प्रकाशक, आणि संपादक 'व्हॅनिटी फेअर'चा कर्ता थॅकरे. जानेवारी १८६० मध्ये एका शिलिंगाला पहिला अंक निघाला आणि त्याच्या एक लाखाहून अधिक प्रती खपल्या. ट्रोलॉपची 'फ्रॅम्ली पार्सनेज' ही कादंबरी त्यात चालू होती. एका शिलिंगात एवढा आणि इतका चांगला मजकूर इंग्रजी वाचकाला पूर्वी मिळाला नव्हता. मासिक निघण्यापूर्वीच थॅकरेने लेखकांना उद्देशून जाहीर केले होते की, आपल्या पंगतीला स्त्रिया आणि मुले नेहमीच हजर आहेत असे आपण धरून चालू. वाक्य सौजन्याचे आहे. पण दोन वर्षांत त्याची काय किंमत पडली ते पाहण्यासारखे आहे.

ऑगस्ट १८६० पासून 'कॉर्नहिल'मध्ये जॉन रस्किनचे अर्थशास्त्रावरचे निबंध येऊ लागले. मागणी-पुरवठ्याच्या नियमावर मजुराची मजुरी सोडून देणारे शास्त्र हे शास्त्रच नव्हे. माणसामाणसांतील न्याय आणि जिव्हाळा वगळून संपत्तीची व्याख्या करता येत नाही. माणसांचे जीवन हीच खरी संपत्ती — असा त्यांचा रोख. द्राक्षमळ्यात सकाळी आलेल्या आणि संध्याकाळी आलेल्या मजुराला सारखीच मजुरी देणाऱ्या धन्याची बायबलातली गोष्ट त्यांच्या शीर्षकामागे उभी होती. शिलिंग देऊन मासिक घेणारा सुखवस्तू वाचक आणि वृत्तपत्रे खवळली. चित्रकला आणि वास्तुकलेवर सुंदर लिहिणाऱ्या माणसाने हे काय मांडले आहे? थॅकरेने रस्किनला कळवले की यापुढे आणखी एकच निबंध घेता येईल. नोव्हेंबरच्या चौथ्या निबंधाने मालिका संपली. येथे पंगतीतल्या स्त्रिया-मुलांना धक्का बसण्यासारखे काही नव्हते, हे ध्यानात ठेवले पाहिजे. धक्का बसला तो घरच्या कर्त्या पुरुषाच्या खिशाला. कुटुंबाची भीड म्हणून जी सांगितली जाते ती पुष्कळदा वर्गणीदाराची भीड असते.

पुढच्याच वर्षी, १८६१ मध्ये, एलिझाबेथ बॅरेट ब्राउनिंगने एक कविता पाठवली. विवाहित स्त्रीच्या मोहात पडून वर तिलाच दोष देणाऱ्या पुरुषाचा दांभिकपणा तीत उघडा केला होता. थॅकरेने अत्यंत ओशाळून ती परत केली. बाईंनी रागवण्याऐवजी दुसरी कविता पाठवली. पण समाजातल्या घाणीला दारे-खिडक्या लावण्याची नव्हे, उजेडाची आणि हवेची गरज आहे, अशा आशयाचे आपले मत तिने त्याला स्पष्ट कळवले. पुढे थोड्याच दिवसांत, जूनमध्ये, ती वारली. 'कॉर्नहिल'च्या स्त्री-वाचकांना जपण्यासाठी एका स्त्रीलाच गप्प बसवण्यात आले होते.

थॅकरे हृदयशून्य नव्हता. संपादकाच्या खुर्चीतल्या काट्यांवर त्याने एक निबंध लिहिला आहे. आजारी आईला पोसणारी एखादी गरीब शिक्षिका कवितांबरोबर काळीज पिळवटणारे पत्र पाठवते. कविता तर छापण्याजोगी नसते. मग रात्री झोप कशी यावी? १८६२ मध्ये त्याने संपादकपद सोडले आणि १८६३ च्या नाताळच्या आदल्या दिवशी तो मरण पावला. 'नाही' म्हणणे त्याच्या स्वभावात नव्हते, आणि तरी दोन अत्यंत महत्त्वाच्या प्रसंगी तो नको त्या ठिकाणी 'नाही' म्हणाला.

रस्किनच्या निबंधांचे पुढे काय झाले? १८६२ मध्ये ते 'अन्टु धिस लास्ट' या नावाने पुस्तकरूपाने आले. प्रकाशक 'कॉर्नहिल'चाच. पहिली आवृत्ती वर्षानुवर्षे पडून राहिली. मग १९०४ साली दक्षिण आफ्रिकेत जोहान्सबर्गच्या स्टेशनवर हेन्री पोलाक या मित्राने ते पुस्तक गांधीजींच्या हाती प्रवासात वाचायला दिले. दरबानपर्यंतच्या त्या गाडीत गांधीजींना रात्रभर झोप आली नाही. त्या पुस्तकाप्रमाणे जगायचे असे त्यांनी ठरवले, आणि त्याच वर्षी आपले 'इंडियन ओपिनियन' हे साप्ताहिक दरबानजवळ फीनिक्स येथे शेतावर हलवले. छापखान्यातल्या सर्वांनी श्रम करायचे आणि सर्वांनी सारखेच वेतन घ्यायचे, अशी त्यामागची कल्पना होती. १९०८ मध्ये त्याच पत्रातून त्यांनी त्या पुस्तकाचे गुजराती रूपांतर क्रमशः छापले. त्याला नाव दिले 'सर्वोदय'. हा शब्द पुढे गागोद्याच्या विनोबांबरोबर आपल्या खेड्यापाड्यांतून फिरला. एका मासिकाने भिडेपोटी चौथ्या हप्त्यावर थांबवलेली लेखमाला अठ्ठेचाळीस वर्षांनी दुसऱ्या खंडात, दुसऱ्या भाषेत, दुसऱ्या नियतकालिकात पुन्हा सुरू झाली. यापेक्षा मोठा साभार परतीचा इतिहास मला ठाऊक नाही.

५

थॅकरेचा वारसा लेस्ली स्टीव्हनने चालवला. व्हर्जिनिया वुल्फचा हा पिता खासगीत आणि स्वतःच्या ग्रंथांत निर्भय अज्ञेयवादी. पण 'कॉर्नहिल'च्या गादीवर बसला की तोही पंगतीतल्या पाहुण्यांकडे पाहू लागे. १८७४ मध्ये टॉमस हार्डीची 'फार फ्रॉम द मॅडिंग क्राउड' छापताना फसवल्या गेलेल्या फॅनीचा प्रसंग जपून हाताळावा असे त्याने सुचवले. हार्डीने ऐकले. पुढे १८९१ मध्ये 'टेस' ही कादंबरी 'ग्राफिक' या सचित्र साप्ताहिकात आली तेव्हा तर कहरच झाला. टेसच्या अधःपाताच्या जागी खोट्या लग्नाची युक्ती योजावी लागली. पाण्याने भरलेल्या वाटेतून नायक चार गवळणींना उचलून पलीकडे नेतो, हा कादंबरीतला अतिशय निरागस आणि रम्य प्रसंग. पण तरुणाने तरुणींना हातांवर उचलावे हे कुटुंबात कसे शोभणार? म्हणून हार्डीने मासिकापुरती एक ढकलगाडी आणली आणि नायक चौघींना त्या गाडीत बसवून नेऊ लागला! पुस्तक काढताना हार्डीने ती गाडी काढून टाकली आणि कापलेले सारे भाग परत जोडले. इंग्लंडातल्या घरांना मासिकाची 'टेस' वेगळी आणि पुस्तकाची वेगळी अशी दुहेरी वाढणी झाली.

ज्या सुमारास लंडनमध्ये ही ढकलगाडी चालली होती, त्याच सुमारास पुण्यात एक मराठी साप्ताहिक निघत होते. हरि नारायण आपट्यांचे 'करमणूक' १८९० मध्ये सुरू झाले. तेही घरासाठीच होते. नाव पाहिले तर त्यात कोणाला भिण्यासारखे काही नव्हते. आणि त्याच 'करमणुकी'त १८९० ते १८९३ या काळात 'पण लक्ष्यांत कोण घेतो?' ही कादंबरी क्रमशः आली. यमू आपली हकीकत स्वतः सांगते. माजघरातल्या भाषेत, पोरवयातल्या हशाखिदळीपासून सांगते, म्हणून ती माजघरात पोहोचते. आणि शेवटी विधवा झालेल्या यमूच्या केशवपनापर्यंत ती वाचकाला घेऊन जाते, तेव्हा मधे कोणतीही ढकलगाडी येत नाही. ज्या घरात तशीच एखादी सोवळी बाई देवघराशी बसलेली असे, त्याच घरात हा अंक जात होता.

येथे तुलना सावधपणे केली पाहिजे. स्त्रीपुरुषांच्या शरीरसंबंधाविषयी आपटेही बोलत नाहीत. तिथे त्यांची भीड हार्डीच्या संपादकांपेक्षा कमी नव्हती. त्या विषयावर मराठीत मोकळेपणाने बोलायला रघुनाथ धोंडो कर्व्यांचे 'समाजस्वास्थ्य' १९२७ साली निघावे लागले, आणि त्यासाठी त्यांना न्यायालयाची पायरी चढावी लागली. १९३४ च्या खटल्यात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी त्यांची बाजू मांडली, तरी दंड झालाच. तेव्हा आपले ते सारे धीट आणि विलायतेचे ते सारे भित्रे, असा निष्कर्ष मला काढायचा नाही. मुद्दा वेगळा आहे. आपट्यांनी आपल्या वाचकाची भीड बाळगली ती भाषेत, ओघात, घरगुती सुरात, आशयात नव्हे. ज्यांच्याविषयी बोलायचे त्यांच्याच पंगतीत बसून ते बोलले. ॲडिसनने चहाच्या मेजावर मिल्टन मांडला. आपट्यांनी माजघरात माजघराचेच दुःख मांडले. कौटुंबिक नियतकालिकाची खरी शक्ती ही आहे, आणि ती 'कॉर्नहिल'च्या हाती असूनही थॅकरेला ऐन वेळी वापरता आली नाही.

६

विसाव्या शतकाची कथा थोडक्यात सांगता येईल, कारण येथे घरच नाहीसे झाले. १८९१ मध्ये निघालेल्या 'स्ट्रँड'ने शेरलॉक होम्सच्या कथांनी लाखो वाचक खेचले. पण नवे, अवघड, प्रयोगशील लेखन त्या बाजूला फिरकेना. ते छोट्या मासिकांत गेले. ऑक्टोबर १९२२ मध्ये टी. एस. एलियटच्या 'क्रायटेरिअन'चा पहिला अंक त्याच्या 'द वेस्ट लँड'सह निघाला. शतकाची दिशा बदलणारी ही कविता छापणाऱ्या त्या त्रैमासिकाचा खप हजाराच्या आतच राहिला. १९३९ मध्ये ते बंद झाले. लंडनवर बॉम्ब पडत असताना सिरिल कॉनोलीने 'होरायझन' चालवले (१९४० ते १९५०) आणि जॉर्ज ऑर्वेलचे काही उत्कृष्ट निबंध छापले. त्यांतला एक शाळकरी मुलांच्या साप्ताहिकांवर होता. चार आण्यांच्या गोष्टींतूनही पोरांच्या मनात कोणते जग पेरले जाते, हे त्याने गंभीरपणे तपासले. अभिरुचीच्या उंबरठ्याबाहेरचे वाचन कोणत्या घरांत चालते, हे या छोट्या मासिकाने पाहिले ही त्याची थोरवी.

छोट्या मासिकांना वाचकाची भीड नव्हती, आणि म्हणून त्यांनी साहित्यासाठी जे केले ते लाखांच्या खपाला जमले नसते. पण वाचक नाही म्हणजे पैसा नाही. पैसा नाही म्हणजे आश्रयदाता आला. 'क्रायटेरिअन'ला आरंभी लेडी रॉदरमियर होत्या, 'होरायझन'ला पीटर वॉटसन. तिथे तरी दात्याचे नाव ठाऊक होते. १९५३ मध्ये निघालेल्या 'एन्काउंटर'च्या मागचा पैसा अमेरिकेच्या गुप्तहेर खात्याकडून येत होता हे १९६७ मध्ये उघड झाले, तेव्हा संपादक स्टीव्हन स्पेंडरला राजीनामा द्यावा लागला. आपल्याला हे ठाऊक नव्हते असे तो म्हणाला. मासिक पुढे १९९१ पर्यंत चालले, पण त्याच्या जुन्या पानांकडेही लोक संशयाने पाहू लागले. वाचकाची भीड सुटली म्हणजे संपादक मोकळा होतोच असे नाही. पुष्कळदा फक्त भिडेचा धनी बदलतो.

७

मग संपादकाने करावे काय? या इतिहासातून नियम काढता येत नाही, पण कसोटी काढता येते. हस्तलिखित हाती घेऊन थांबल्यावर त्याने स्वतःला विचारावे: मी कोणासाठी थांबलो आहे? वाचकाला समजावे म्हणून थांबलो असेन, तर ती भीड ॲडिसनची आहे आणि तिने लेख सुधारेल. वाचक रागावेल म्हणून थांबलो असेन, तर कोणता वाचक, हे नीट पाहिले पाहिजे. पंगतीतल्या सुनेचे आणि मुलांचे नाव पुढे करून आपण वर्गणीदाराला, जाहिरातदाराला किंवा आपल्याच आळसाला तर जपत नाही ना?

आणि या कसोटीचा दुसरा अर्धा भाग आपल्याकडे, वाचकांकडे आहे. संपादकाच्या कल्पनेतला वाचक नेहमीच खऱ्या वाचकापेक्षा थोडा अधिक हळवा, थोडा अधिक रागीट आणि पुष्कळच अधिक मूर्ख असतो. त्याला ती कल्पना देतो कोण? न आवडलेल्या लेखावर चार शिव्यांचे पत्र लिहायला आपण विसरत नाही; आवडलेल्या अवघड लेखावर एक ओळ लिहायला मात्र आपल्याला सवड होत नाही. रस्किनचा पहिला निबंध वाचून 'आणखी येऊ द्या' असे लिहिणारे शंभर वाचक मिळाले असते, तर थॅकरेचा हात कदाचित थांबला नसता.

दिवाळीचा अंक संपत आला की घरात तो हळूहळू एका कोपऱ्यात जातो. कडा दुमडलेल्या असतात, एखाद्या पानावर चकलीच्या तेलाचा डाग असतो. तो डाग कोणत्या पानावर आहे, हे संपादकाला कधी कळत नाही. विनोदी कथेवर असेल असे तो धरून चालतो. घरातल्या कोणीतरी, सगळे झोपल्यावर, जो लेख पुन्हा एकदा काढून वाचला, त्याच पानावरही तो असू शकतो.